शेप्याला पाणी

माझा स्वभाव माफ करणाऱ्यांतला नाही, हे आधीच सांगून टाकते. वय झालं की जुने राग आपोआप विरतात, असं लोक म्हणतात. माझे विरले नाहीत. मी त्यांची नीट निगा राखली, आणि त्यांतला एक तर चाळीस वर्षांचा होऊन आजही धडधाकट आहे.

परवा आषाढातल्या एका सकाळी आईकडे गेले. अंबडच्या कारखान्यांकडे जाणाऱ्या रस्त्याच्या आतल्या अंगाला आमचं जुनं घर आहे. मी लग्नापासून नाशिकरोडला. बाबा गेल्यावरही आई तिथंच राहिली, एकटी, गुडघे धरून आणि कोणाचंही न ऐकता. फाटकाची कडी काढली आणि शेपूचा वास आला. भाजीवाली कुठं दिसेना. मग भिंतीपलीकडे पाहिलं. वाऱ्यानं आंब्याची एक फांदी मोडून लोंबत होती, आणि तिच्या चिकाचा तो वास होता.

ते झाड आज काढणार होते. तसा मिलिंदचा फोन आठ दिवसांपूर्वीच येऊन गेला होता. मिलिंद माझा चुलतभाऊ, म्हणजे बाबांच्या थोरल्या भावाचा, आप्पांचा मुलगा. भिंतीपलीकडचं घर आणि जागा त्यांनी इमारतीसाठी दिली. "ताई, झाड जाणार आता," तो म्हणाला, "तुला काड्या हव्या असल्या तर घेऊन जा." मी लगेच येऊन सहा चांगल्या डहाळ्या निवडल्या आणि त्यांची पानं देठ ठेवून खुडली, म्हणजे आठ दिवसांत डोळे फुगून काड्या कलमाजोग्या होतात. परवा फक्त त्या कापून आणायच्या होत्या. निदान आईला मी तसंच सांगून निघाले होते.

शेप्या हे त्या आंब्याचं नाव. दुकानात ते मिळायचं नाही. आईचं माहेर हरसूलजवळच्या एका वाडीतलं, आणि तिथं शिवारातल्या प्रत्येक आंब्याला माणसासारखं नाव असायचं. एक गोटी होता, एक भोपळ्या, एक म्हातारा आंबट्या. शेप्याचं फळ लहान, रेषाळ आणि पिकलं तरी पाठीवर हिरवंच. पण साल फोडली की गोडाच्या आधी शेपूचा एक बारीक, हिरवा वास नाकात शिरायचा. काहींना तो मुळीच सोसायचा नाही. आई त्याच वासात वाढली होती.

मी पाच वर्षांची असताना आजोबा, आईचे वडील, त्या झाडाच्या काड्या घेऊन एस.टी.नं आले. ओल्या फडक्यात गुंडाळलेल्या काड्या त्यांनी वाटभर मांडीवर धरल्या होत्या, पिशवीत ठेवल्या नव्हत्या. इकडे आईनं डालड्याच्या डब्यांत कोयी रुजवून ठेवलेल्या. रोपांची पानं तेव्हा तांब्याच्या रंगाची आणि इतकी मऊ होती की मला ती सारखी गालाला लावावीशी वाटायची. आजोबांनी खिशातून पानाचा चाकू काढला, रोपाचा शेंडा उडवला, बुडखा मधोमध चिरला, काडीला पाचरीसारखी धार केली आणि त्या चिरेत बसवली. मग केळीच्या ओल्या सोपटानं गच्च बांधलं. बांधून झाल्यावर आईकडे बघून म्हणाले, "आता तुझ्या हाताला हाय."

सहा कलमांतलं एक जगलं. आईनं ते अंगणाच्या मागच्या कोपऱ्यात लावलं. तेव्हा मध्ये भिंत नव्हती. आप्पांचं आणि आमचं घर शेजारीशेजारी, आणि मागं मिळून एकच मोकळी जागा. रोपाजवळ तिनं एक मडकं गळ्यापर्यंत पुरलं. मडक्याच्या बुडाला भोक पाडून त्यात जुन्या लुगड्याची चिंधी घातली होती. सकाळी नळ आला की पहिली कळशी मडक्याची, मग प्यायचं पाणी, मग बाकी सगळं. मडक्यावर करवंटी झाकायचं काम माझं. ती उचलली की आतून गार मातीचा वास वर यायचा, आणि पाणी ओतताना मडकं आधी खोल आणि मग बारीक आवाजात बोलायचं. भरत आल्याचं मला कानांनीच कळायचं. चैत्र-वैशाखात आई दुपारीही एकदा जाऊन रोपावर पदरानं वारा घालून यायची. आप्पा ओट्यावरून हसायचे. ते मूळचे नांदगावकडचे, सरकारी नोकरीतले, आणि डोंगरातून आलेल्या भावजयीचं सगळंच त्यांना हसण्यासारखं वाटायचं. "आंबा हाय का पाव्हना?" म्हणायचे.

झाड मोठं झालं तसं आईनं मला त्याचा नियम सांगितला. "पावसाळा सरला का याला पानी तोडायचं. दसऱ्यापासून संक्रांतीपर्यंत पान्याचा थेंब दावायचा नाय. तहानला तरच फुलतो हा. पानी मिळालं का नुसता पाल्यानं माजतो." माझ्या बालबुद्धीला हे फार दुष्ट वाटलं. वर्षभर लाडानं पाजायचं आणि थंडी पडली की तोंड फिरवायचं. पण ती ऐकायची नाही. त्या तीन महिन्यांत मी झाडाजवळून तांब्या घेऊन गेले तरी ती स्वयंपाकघराच्या खिडकीतून हाक मारायची.

मी नऊ वर्षांची असताना शेप्या पहिल्यांदा फुलला, आणि त्याच हिवाळ्यात वाटणी झाली. का झाली, कोण काय बोललं, हे मला धड माहीत नाही आणि आता विचारावंसंही वाटत नाही. मला आठवते ती चुन्याची रेघ. आप्पांनी टेप धरला होता, टेपचं दुसरं टोक बाबांच्या हातात. रेघ दोन्ही घरांच्या मधून सरळ निघाली, मागं जाता जाता आमच्या बाजूला कलली आणि झाडाला वळसा घालून गेली. झाड दीड हात पलीकडे राहिलं. बाबा रेघेकडे बघत राहिले. ते कारखान्यात यंत्रावर काम करायचे, सुताचा फरक त्यांना डोळ्यांनी कळायचा. पण थोरल्या भावासमोर त्यांची मान कधी वर झाली नाही. आईच हातातलं सूप खाली ठेवून म्हणाली, "भाऊजी, झाड मी लावलेलं हाय."

आप्पांनी चुन्याचे हात झटकले. "झाड जमिनीबरोबर जातं," ते म्हणाले. "त्याला काय उचलून न्यायचंय?"

आठ दिवसांत भिंत उभी राहिली. पुरलेलं मडकं पलीकडे गेलं. मोहोराचा वास मात्र त्या वर्षी भिंतीला जुमानत नव्हता. धुणं वाळत घातलं की परकरांना तो लागायचा, आई घड्या घालताना मध्येच थांबायची आणि मग पुन्हा घालायला लागायची.

त्या उन्हाळ्याबद्दल मी आप्पांना कधीही माफ केलं नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, त्यांच्याकडे पितरांना रस-पोळीचं ताट दाखवलं आणि दुसऱ्या दिवसापासून शेप्या उतरू लागला. आप्पा ओट्यावर बसून एकेक आंबा माचून, बोटांनी मऊ करून चोखायचे. आमच्याकडे एकही आला नाही, पण त्याचं एवढं नाही. माणूस विसरतो, हावरा असतो, समजू शकते. आप्पा चोखलेली कोय भिंतीच्या माथ्यावर ठेवायचे. वाळायला, म्हणे. एकापुढे एक, रांगेनं, आमच्या मोरीसमोर. आई भांडी घासायला बसली की बरोबर डोळ्यांसमोर ती रांग. केस वाळलेल्या, पिवळट पडलेल्या कोयी, त्यांच्यावर मुंग्या आणि उन्हात तापलेला तो शेपूचा वास. आईनं स्वतःच्या झाडाचं पहिलं फळ पाहिलं ते असं.  तिनं फक्त बसायची जागा बदलली आणि भिंतीकडे पाठ करून भांडी घासू लागली.

मी कोयी मोजत नव्हते. मी दसऱ्याची वाट बघत होते.

दसऱ्याला सोनं वाटून झालं, आणि दुसऱ्या दिवसापासून मी पाणी घालायला लागले. माझी युक्ती साधी होती. झाड पलीकडे होतं, पण दीड हातांवर. भिंत जमिनीत वीतभरच खोल असेल. फळं आप्पांची, खोड आप्पांचं, फांद्या आप्पांच्या. आमच्याकडे झुकलेली प्रत्येक डहाळी तर ते कोयत्यानं छाटतच असत. पण मुळांना रेघेचं काही कोणी सांगितलं नव्हतं. मी भिंतीच्या बुडाशी, आमच्या बाजूला, लांबलचक आळं खणलं. नुसत्या मातीत पाणी ओतताना कोणी विचारलं असतं, म्हणून त्यात अळूचे कंद लावले. अळूला सतत ओल लागते. अळूवाल्या पोरीला पाणी का घालतेस, असं कोण विचारणार?

धुण्याचं शेवटचं निवळ पाणी, तांदळाचं धुवण, नळाच्या उरलेल्या बादल्या, सगळं अळूला. सकाळी शाळेआधी आणि संध्याकाळी दिवेलागणीला. एका हातात बादली, एका अंगाला कललेली मी. हाताला कडीचे वळ पडायचे. गल्लीतल्या बायका कौतुक करायच्या, पोर कामाची आहे म्हणायच्या. आप्पासुद्धा एकदा भिंतीवरून डोकावून म्हणाले, "शाब्बास. लय माया लावतीस झाडांना." मी मान खाली घालून हसले. इतकं निर्मळ समाधान मला पुढं आयुष्यात फार थोड्या वेळा लाभलं.

पाणी मातीत शिरताना बुडबुड्यांचा एक आवाज येतो. मी उकिडवी बसून तो संपेपर्यंत ऐकायचे. अळूची पानं ढालीएवढी झाली, त्यांच्यावर थेंब पाऱ्यासारखे पळायचे. आई ती पानं कापून वड्या करायची. त्या हिवाळ्यांत आमच्या घरात अळूवड्यांचा इतका वास भरलेला असायचा की बाबा जेवताना म्हणायचे, आज परत? आई नुसती म्हणायची, "पिकलंय तर खावं." आणि पलीकडे शेप्या हिरवागार, घनदाट, कोवळ्या पालवीनं लसलसलेला उभा असायचा. पौष गेला, माघ गेला, मोहोराचा एक तुरा नाही.

आप्पांचं काही चुकत नव्हतं, हेच त्यांना छळत होतं. आंब्याचं पाणी तोडायचं त्यांनाही माहीत होतं, आणि त्यांनी ते तोडलंही होतं. शेणखत घातलं, मीठ घातलं, बुंध्याला गेरू लावला, खिळे ठोकले. कोणाचं ऐकून जुनी चप्पल बांधली. भिंतीच्या माथ्यावर सलग तीन उन्हाळे कोय आली नाही. मी आईला पुन्हा जुन्या जागी बसून भांडी घासताना पाहिलं. मला वाटलं, ही माझी कमाई.

चौथ्या वर्षी सर्वपित्री अमावस्येला आप्पांनी झाडाला धाक घालायचं ठरवलं. न धरणाऱ्या झाडाला कुऱ्हाड दाखवायची, ही त्यांच्याकडची रीत. एकानं कुऱ्हाड उगारून, तोडतो, म्हणायचं. ज्यानं झाड लावलं असेल त्यानं आडवं यायचं, पुढच्या वर्षी धरेल म्हणून झाडाचा जामीन व्हायचं. कुऱ्हाडीवाल्यानं तीनदा विचारायचं, जामिनानं तीनदा सांगायचं. मग एक घाव खोडावर टाकायचा, त्यात कुंकू भरायचं आणि कुऱ्हाड खाली ठेवायची. त्यानंतरच्या उन्हाळ्यात झाड धरलं नाही तर मात्र खरोखर तोडायचं.

लावलं होतं आईनं. आप्पांनी मिलिंदला बोलवायला पाठवलं. आई हात पुसत निघाली, मी मागोमाग. आप्पांचे दोन-चार स्नेही खुर्च्या टाकून बसलेले, काकू चहा फिरवत होती, जणू गंमतच चालली होती. आप्पांनी धोतर खोचलं, कुऱ्हाड उचलली.

"धरत नाय, नुसती पानं वागवतंय. तोडतो आज. जामीन कोन?"

आईनं पदर पसरला. "नका तोडू. पुढल्या साली धरंल. मी जामीन."

"जामीन कोन?"

"मी."

तिसऱ्यांदाही तसंच झालं. रीत संपली होती. पण आप्पा मित्रांकडे बघून हसले, कानामागे हात नेला आणि म्हणाले, "ऐकू नाय आलं."

लोक हसले. आईनं चौथ्यांदा पदर पसरला. या वेळी ती सावकाश बोलली. "नको तोडू. माझं झाड हाय. एवढ्या वक्ताला राहू दे." तिची नजर आप्पांकडे नव्हतीच. ती माझ्याकडे बघत होती. मला वाटलं, मुलगी हे सगळं बघतेय याची तिला लाज वाटतेय, म्हणून मी तोंड फिरवलं. कुऱ्हाड खोडात बसल्याचा धप्प आवाज आला, आणि शेपूचा वास.

दसऱ्यापर्यंत दहा दिवस होते.  पाणी घातलं तर झाड मरणार होतं आणि आप्पा हरणार होते. नाही घातलं तर झाड जगणार होतं आणि आप्पा ओट्यावर बसून चोखणार होते. तेरा वर्षांच्या पोरीला ही निवड करायला लागावी, याचाही राग मी आप्पांच्याच नावे लावला. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी भरलेली बादली घेऊन मी अळूपाशी उभी राहिले. मग ती मोरीत ओतून टाकली. अळू महिनाभरात माना टाकून पिवळं पडलं. आईनं ते उपटलं आणि काही विचारलं नाही.

पौषात शेप्या असा फुलला की पान दिसेना. साचून राहिलेली सगळी वर्षं एकदम बाहेर पडल्यासारखा. मधमाश्यांचा घुमारा आमच्या स्वयंपाकघरात ऐकू यायचा, अंगणातल्या दोरीवर, तुळशीवर, पाण्याच्या पिंपावर मोहोराचा चिकट शिडकावा. त्या उन्हाळ्यात काकूनं ताटलीत पाच आंबे आणून दिले. "जामिनाचे," म्हणाली. आईनं एक उचलून नाकाशी धरला. बराच वेळ धरला. मग पाचही दारावरच्या गाईला घातले. मी रडायच्या बेतात आले, तर म्हणाली, "माझ्या झाडाचं मी दुसऱ्याच्या ताटलीतून नाय खायची." त्यानंतर काकूनंही कधी पाठवले नाहीत. कोयींची रांग भिंतीवर परत आली आणि आईनं आजवर शेप्याची एक फोड तोंडात घातलेली नाही.

आप्पांना मात्र आयुष्यभर पुरेल अशी गोष्ट मिळाली. लग्नात, बारशात, तेराव्याला, जिथं चार माणसं जमतील तिथं ते ती सांगायचे. "एक घाव टाकला, आन् असं घाबरलं झाड..." माझ्या लग्नाच्या मांडवात त्यांनी ती माझ्या सासऱ्यांना सांगितली. मी मुंडावळ्या बांधून बसले होते आणि दात आवळून हसत होते.

तर परवा, पानं खुडलेल्या सहा काड्या कापून, ओल्या फडक्यात गुंडाळून मी पलीकडे उभी होते. घर आधीच पाडलेलं. मध्ये भिंतीचा तुकडा आणि झाड तेवढं शिल्लक. झाडाखाली प्लास्टिकच्या खुर्चीत आप्पा बसले होते. आता नव्वदीला टेकलेत. मिलिंदनं त्यांना गाडीतून आणलं होतं, कारण दोन दिवस त्यांनी अन्न टाकलं होतं. यंत्राची करवत घेऊन दोन माणसं थांबलेली. साइटवरचा तरुण इंजिनिअर माझ्याजवळ आला.

"मॅडम, हे झाड भिंतीलगत आहे, आम्हाला तशी अडचण नाही. ठेवता येईल. पण मुळं, फांद्या तुमच्या बाजूला येणार. उद्या तुमची तक्रार नको. तुम्ही दोन ओळी लिहून दिल्यात तर राहू देतो."

"ताई, दे ना लिहून," मिलिंद म्हणाला. "आप्पांचा जीव अडकलाय त्यात."

आप्पांनी काठी टेकून उठायचा प्रयत्न केला, जमलं नाही. बसल्या जागेवरून त्यांनी हात पुढं केला. त्यांचे डोळे ओले होते, ते म्हातारपणानं की कशानं, मला ठाऊक नाही. "पोरी," ते म्हणाले, "तुझी आई जामीन राहिली व्हती. आता तू राहा. लावनाऱ्याच्या घरचं मानूस लागतं त्याला. दोन वळी तं हायेत."

चाळीस वर्षं मी या क्षणाची वाट पाहिली होती असं म्हटलं तर खोटं होईल, कारण हा क्षण येईल असं मला वाटलंच नव्हतं. पण आला तेव्हा मी तयार होते. काड्या माझ्या हातात होत्या. शेप्याचा वंश बुडणार नव्हता. बुडणार होतं ते फक्त आप्पांचं झाड.

"आप्पा," मी म्हटलं, "झाड जमिनीबरोबर जातं."

 मग त्यांचा पुढं केलेला हात हळूहळू मांडीवर आला. "हे मीच म्हनलो व्हतो," ते म्हणाले.

"हो. चुन्याचे हात झटकत." आणि थांबायला हवं होतं तिथं मी थांबले नाही. "आणि ते तुमच्या कुऱ्हाडीला कधी घाबरलं नव्हतं. तीन वर्षं मी थंडीत पाणी घालत होते, म्हणून फुलत नव्हतं. मी थांबले, म्हणून फुललं. आठवतं का माझं अळू?"

आप्पा खोडाकडे बघू लागले. कुऱ्हाडीचा घाव भरून त्याचा ओठासारखा वण झाला होता, खुर्चीतून हात पोचेल एवढ्यावर. त्यांनी त्याच्यावर बोट फिरवलं. "लय ध्यानात ठेवलंस," एवढंच म्हणाले. मिलिंदनं माझ्याकडे न बघता त्यांना गाडीत नेऊन बसवलं. मग करवत सुरू झाली. झाड पडायला अर्धा तास लागला. शेपूचा वास इतका दाटला की करवतवाल्यानं नाकाला रुमाल बांधला.

सूड गोड लागला का? लागला. खोटं कशाला सांगू? भिंतीला वळसा घालून आईच्या फाटकापर्यंत येईतो मला अगदी हलकं वाटत होतं.

आई मागच्या पायरीवर बसून होती. समोर कोयींची रोपं, पानं नुकतीच तांबूस झालेली, डालड्याऐवजी आता रंगाच्या डब्यांत. तिनं काड्या घेतल्या, फडकं उलगडलं, वास घेतला. मी सगळं सांगितलं, शब्दाला शब्द. ती पान चिरायच्या चाकूनं काडीला धार करत होती. पाचर सरळ उतरली. दुधाच्या पिशवीची पट्टी काढून तिनं पहिलं कलम बांधलं, दुसरं बांधलं. आजोबांसारखंच, गच्च.

तिसरं बांधताना म्हणाली, "ठेवनार व्हते म्हनतेस."

"हो. मी लिहून दिलं असतं तर."

"मला एकदा इचारायचं व्हतंस."

भिंतीपलीकडे ओंडके गाडीत टाकत होते.  मी म्हटलं, "आई, त्यांनी तुला चौथ्यांदा पदर पसरायला लावला होता. सगळ्यांसमोर."

आईनं पट्टीची गाठ दातांनी ओढली. "तीनदा त्यांच्यापुढं पसरला," ती म्हणाली. "चौथ्यांदा तुझ्यापुढं."

"माझ्यापुढं?" मी विचारलं.

"पानी तू घालत व्हतीस. मग भाऊजींच्या हातात काय व्हतं? अळूवड्या काय मी उगा करत व्हते? तीन वर्सं मलाबी बरं वाटलं. पर झाड मरायची पाळी आली, तवा मी तुला म्हनलं, नको तोडू. आन् तू ऐकलंस." तिनं कलम बाजूला सरकवलं आणि पुढचं रोप ओढलं. "आज मी तिथं नव्हते. या गुडघ्यांनी येववलं नाय."

सहाही कलमं बांधून झाली. एक जगलं तरी पुष्कळ, असं आजोबा म्हणायचे. जगलेलं कुठं लावायचं ते आईनं आधीच ठरवलं होतं: अंगणाच्या मधोमध, सगळ्या भिंतींपासून लांब. धरायला चार-पाच वर्षं तरी लागतील. तिचं वय मी मनात मोजलं नाही.

तांब्या भरलेला होता, माझ्या हातात होता, आणि माझा हात पुढं होत नव्हता. आईनं वर पाहिलं.

"घाल पानी," ती म्हणाली. "दसऱ्याला अजून वेळ हाय."